पायरी पायरीने

सी. पी. टेलर या स्कॉटिश नाटककाराचे ‘गुड’ हे नाटक १९८१ साली लंडनला रॉयल शेक्सपिअर कंपनीने रंगभूमीवर आणले. त्याच वर्षाच्या डिसेंबरात टेलर निवर्तले. चकली-करंजीबरोबर चवीने वाचावे असे हे नाटक नव्हे. तरीही ते मी येथे पुढे करतो, कारण त्यातल्या अनर्थाचा उगम एका घरात आहे.

नायक हाल्डर हा फ्रँकफुर्टचा प्राध्यापक. संसार विस्कटलेला, आई आंधळी, भ्रमिष्ट. तिचे हाल पाहून तो कादंबरी लिहितो: असाध्य रोग्याला दयेने मरण द्यावे. नाझी राज्यकर्त्यांना ती पसंत पडते. मग पक्षाचे सभासदत्व, पुस्तकांची होळी, एस. एस.चा गणवेश, नोव्हेंबर १९३८ मधील ज्यूंवरचा हल्ला, अखेर आउश्विट्झ. पायऱ्या इतक्या ठेंगण्या, की उतरताना पायाला कळत नाही.

माझी आई वर्षभर अंथरुणाला खिळली होती, तेव्हा ‘आता सुटेल तर बरे’ हा विचार माझ्याही मनात येऊन गेला. म्हणून हाल्डरला मी दुष्ट म्हणू शकत नाही. फरक इतकाच, की त्याच्या थकव्याला सरकारी गिऱ्हाईक भेटले. जर्मनीत १९३९ पासून ऑगस्ट १९४१ पर्यंत अशाच ‘दये’च्या नावाखाली ७० हजारांहून अधिक रुग्ण व अपंग मारले गेले.

नाटकात उणिवाही आहेत. हाल्डरच्या दोन्ही स्त्रिया पुसट उतरल्या आहेत. त्याला सतत ऐकू येणारे वाद्यवृंद आरंभी निव्वळ गंमत वाटतात. पण शेवटी छावणीतल्या कैद्यांचा बँड वाजतो, आणि हा मात्र खराच आहे हे त्याला उमगते; तेव्हा त्या गंमतीचे प्रयोजन ध्यानी येते. इतकी वर्षे खरे तेच त्याने ऐकले नव्हते.

मला सर्वांत छळतो तो मोरिस, हाल्डरचा ज्यू मित्र. तो देश सोडण्यासाठी मदत मागतो. हाल्डर नाही म्हणत नाही, नुसती टाळाटाळ करतो. वाचकहो, दरवर्षी आपल्याकडे फराळाला येणारा एखादा स्नेही यंदा येईनासा झाला असेल, तर तो का येत नाही, एवढे तरी त्याच्या घरी जाऊन विचारून यावे.