'कम टू डिनर' : चेहरे सापडले, दुःख निसटले

विडंबन आणि नक्कल यांतला फरक समजावताना आम्ही वर्गात कन्हैयालाल कपूर यांचा दाखला देतो. त्यांनी गालिबला नव्या शायरांच्या मजलिशीत नेऊन बसवले आणि फैजचा 'गैज' केला. फैज म्हणजे कृपा, गैज म्हणजे संताप. तिथे हसू येते ते शायरीच्या वळणावर, शायराच्या नाकाडोळ्यांवर नाही.

याच कसोटीवर आम्ही 'कम टू डिनर' (१९३४) पाहिला. वॉर्नर ब्रदर्सच्या व्हिटाफोनचा, रॉय मॅक दिग्दर्शित, वीसेक मिनिटांचा लघुपट. थट्टा आहे ती प्रतिस्पर्धी एमजीएमच्या 'डिनर अ‍ॅट एट' (१९३३) या बहुतारांकित चित्रपटाची.

मूळ चित्रपट जॉर्ज क्युकर यांचा. मिलिसेंट जॉर्डनला एका लॉर्डच्या मेजवानीची काळजी, तर तिच्या नवऱ्याची जहाज कंपनी बुडत चाललेली आणि हृदयही थकलेले. मंदीचाच काळ तो. आमंत्रितांपैकी एक उतरती कळा लागलेला नट जेवणापूर्वीच गॅस सोडून जीव देतो. लॉर्डसाहेब येतच नाहीत, फ्लोरिडाला निघून जातात! आणि तरीही हा चित्रपट हसवतो. शेवटी जीन हार्लो पुस्तक वाचल्याचे सांगते, तेव्हा मारी ड्रेसलर चालता चालता जी दचकते, ते विसरता येत नाही.

जो स्वतःच स्वतःवर हसतो, त्याची थट्टा करायची कशी? रॉय मॅक यांनी सोपा रस्ता धरला. हार्लो, ड्रेसलर, बॅरिमोर यांच्यासारखे दिसणारे लोक जमवले. पहिली काही मिनिटे मौज वाटते. सारखेपणा ओळखून झाला की मात्र हाती फारसे उरत नाही, कारण कर्ज, आजार आणि खोटी प्रतिष्ठा यांना विडंबनाने हातच लावलेला नाही. एक गोष्ट मात्र मान्य करावी लागेल. तारे असे बदली मिळत असतील, तर जाहिरातीतल्या मोठ्या नावांची किंमत काय, हा टोला बरोबर बसतो. तो मुद्दाम मारला होता की चुकून लागला, कोण जाणे.

याउलट १९३२ साली एडमंड गोल्डिंग यांनी 'ग्रँड हॉटेल' काढला आणि त्याच वर्षी 'ब्लाँडी ऑफ द फॉलीज'मध्ये मेरियन डेव्हिस आणि जिमी ड्युरँटी यांच्याकडून स्वतःच्याच चित्रपटाची फिरकी घेतली. तो छोटा प्रवेश आम्हाला अधिक धीट वाटतो.

एमजीएमचे जुने चित्रपट पुढे वॉर्नरच्याच मालकीचे झाले, त्यामुळे 'डिनर अ‍ॅट एट'च्या डीव्हीडीवर हा लघुपटही मिळतो. आधी मूळ चित्रपट पाहावा.