पक्षत्यागाचे कथन : 'अंगारमळा'च्या निमित्ताने

एकाधिकारशाहीच्या आतले सुस्थित जीवन सोडून बाहेर पडलेल्या व्यक्तीचे आत्मकथन हा विसाव्या शतकाने घडविलेला एक वाङ्मयप्रकार आहे. त्याचा केंद्रवर्ती प्रसंग ठरलेला असतो : सीमा ओलांडण्याचा क्षण. स्तालिनची कन्या स्वेतलाना अलिलुयेवा ६ मार्च १९६७ रोजी दिल्लीतील अमेरिकन वकिलातीत गेली, तो असा क्षण. ब्रजेश सिंह यांच्या अस्थी घेऊन ती भारतात आली होती आणि 'ट्वेंटी लेटर्स टू अ फ्रेंड' या पुस्तकाचे हस्तलिखित तिच्याआधीच येथे पोहोचले होते. हे लेखन १९६३ चे, म्हणजे सीमा ओलांडण्यापूर्वीचे. तरी ते वाचले गेले ते पलायनानंतरची साक्ष म्हणून. या प्रकारात संहितेला अधिकार मिळतो तो संहितेबाहेरच्या एका कृतीमुळे.

मराठीत अशा कृतीला नाव देऊ लागले की अडचण सुरू होते. 'फितूर' आणि 'घरभेदी' हे शब्द निंदेचे. न्यायाची बाजू घेऊनही बिभीषणाची त्यांतून सुटका झालेली नाही. 'पक्षांतर' हा शब्द १९६७ नंतरच्या आयाराम-गयारामांनी बाद केला. उरतो 'त्याग'. तो आदराचा खरा, पण त्यात राजकीय निर्णयाचे रूपांतर सद्गुणात होते. कशाविरुद्ध आणि कोणासाठी, हे प्रश्न मग विचारावेच लागत नाहीत.

शरद जोशी यांच्या आत्मपर लेखनाचे वाचन या शब्दाने बरेच बिघडविले आहे. भारतीय टपाल सेवेतील अधिकारपद, त्यानंतर स्वित्झर्लंडमधील बर्न येथे जागतिक टपाल संघातील नोकरी, आणि ती सोडून चाकणजवळच्या आंबेठाणची कोरडवाहू जमीन, हा क्रम संतचरित्राच्या साच्यात सहज बसतो. वस्तुतः संघटनेच्या मांडणीत त्यागाला स्थानच नाही. 'भीक नको, हवे घामाचे दाम' ही घोषणा परोपकाराचा धिक्कार करते. मग परोपकारी नायक ती पेलणार कसा?

येथे एक आक्षेप रास्त आहे. भारतीय राज्यसंस्थेला हुकूमशाही म्हणणे, आणीबाणीचे एकवीस महिने सोडता, वस्तुस्थितीला धरून नाही. जोशी परतले ते मात्र नेमक्या त्या महिन्यांत, १९७६ साली. सत्तांतर्गत सुखातून पळणारा बाहेरच्या मोकळ्या देशात जातो. हा मोकळ्या देशातून आत आला. शिवाय ज्या यंत्रणेला त्याने पुढे लुटारू ठरविले, तिचा तो स्वतः दहा वर्षे अधिकारी होता. नोकरशाहीची भाषा त्याला आतून अवगत होती, आणि त्याच्या गद्याचे सामर्थ्य तेथूनच येते. पश्चात्तापाचा कबुलीजबाब या गद्यात फारसा नाही. त्याची जागा उत्पादनखर्चाच्या हिशेबाने घेतलेली आहे.

हा हिशेब लासलगावला वाचावा. १९४७ साली स्थापन झालेल्या तेथील बाजार समितीच्या आवारात राज्यसंस्था पोलिसाच्या रूपात क्वचित दिसते. ती भावाच्या रूपात रोज दिसते. जानेवारी १९८० ची लोकसभा निवडणूक महागलेल्या कांद्याचा मुद्दा करून लढविली गेली. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये नाशिक जिल्ह्यातील शेतकरी कांदा आणि उसाच्या भावासाठी रस्त्यावर व रुळांवर बसला, आणि लासलगावच्याच लोहमार्गावर, निफाडच्या पलीकडे खेरवाडीला, गोळीबारात दोन शेतकरी मारले गेले. ग्राहकासाठी भाव पाडण्याचे धोरण सरकारे बदलली तरी टिकले. डिसेंबर २०२३ मधील निर्यातबंदी हे त्याचे अलीकडचे उदाहरण. मतपेटी शाबूत असतानाही एका उत्पादकवर्गाला राज्य एकाधिकारी भासू शकते, हे विधान कांद्याच्या संदर्भात अतिशयोक्त राहत नाही.

'अंगारमळा' हे सलग आत्मचरित्र नव्हे. तो आत्मपर लेखांचा संग्रह आहे. ही तुटकता आकस्मिक मानू नये. सलग कथनाला वळणबिंदू लागतो आणि येथे ओलांडायला सीमाच नव्हती. पासपोर्ट तोच, भाषा तीच, जातही तीच. ज्याला भूगोलात सीमा मिळाली नाही, त्याने ती सिद्धान्तात आखली : इंडिया आणि भारत. ही द्वंद्वरचना आर्थिक सिद्धान्त म्हणून मांडली गेली असली, तरी कथनाच्या दृष्टीने ती पक्षत्याग करणाऱ्याची गरज आहे. दोन बाजू असल्याखेरीज बाजू बदलता येत नाही.

या गरजेची किंमत पडली आहे. स्वेतलाना १९८४ साली सोव्हिएत संघात परतली आणि १९८६ साली पुन्हा बाहेर पडली. तिच्या पहिल्या पुस्तकाचा वाचक या येरझारीने गोंधळतो. जोशींच्या बाबतीतही १९९० नंतरचे कृषी सल्लागार समितीचे अध्यक्षपद आणि २००४ ते २०१० या काळातील राज्यसभा यांना त्यागकथेत जागा सापडत नाही. टीकाकार त्याला विसंगती म्हणतात, अनुयायी ते वगळतात. दोघेही सीमारेषा खरी धरून चालतात, हा त्यांच्यातला समान दोष.

अधिक गंभीर अडचण 'भारत' या पदाच्या एकजिनसीपणाची आहे. १९८६ च्या चांदवड अधिवेशनाने आणि 'चांदवडची शिदोरी'ने शेतकरी स्त्रीला या पदात स्वतंत्र जागा दिली, आणि तेवढ्यापुरती रचना आतून सैल केली. ही जोशींच्या विचारातील सर्वांत धाडसी दुरुस्ती होय. भूमिहीनाबाबत तेवढे धाडस झाले नाही; रास्त भाव मिळाला की मजुरी आपोआप वाढेल, या गृहीतकावर तो विषय सोपविला गेला. लासलगावच्या खळ्यांवर दिवसभर कांदा निवडणाऱ्या बाया आणि गोण्या वाहणारे हमाल यांच्याकडे विकायला पीक नसते. भाव चढला वा पडला तरी त्यांचा हिशेब वेगळ्या वहीत राहतो, आणि ती वही 'अंगारमळा'च्या निवेदकाने उघडलेली नाही.