खापरांचा पुरावा आणि व्यापाराचे निष्कर्ष : घारापुरीच्या संदर्भात एक चिकित्सा

बीजसंज्ञा : मृत्पात्रे, घारापुरी, अम्फोरा, टॉर्पेडो कुंभ, मातीचा पोत, सागरी व्यापार

प्रस्तावना

प्राचीन वस्तीच्या उत्खननात सर्वाधिक संख्येने हाती येणारी वस्तू म्हणजे खापर. धातू वितळवून पुन्हा वापरला जातो, लाकूड आणि वस्त्र कुजते. भाजलेली माती मात्र फुटल्यानंतर निरुपयोगी ठरते आणि म्हणूनच टाकली तेथे शतकानुशतके पडून राहते. या खापरांच्या आधारे पुरातत्त्वज्ञ वस्तीचा काळ, लोकांचा आहार, कारागिरी आणि व्यापार यांविषयी अनुमान करतात. त्यांपैकी व्यापारविषयक अनुमान सर्वांत आकर्षक आणि सर्वांत निसरडे आहे. भांडे कोठे सापडले हे उत्खनक स्वतः पाहतो. ते कोठे घडले हे त्याला सिद्ध करावे लागते. महाराष्ट्राच्या किनारपट्टीविषयीच्या लेखनात हे दुसरे काम पुष्कळदा आकारावरून आणि नावावरून उरकले गेले. या पद्धतीच्या मर्यादा नवी मुंबईच्या समोरच असलेल्या घारापुरी बेटाच्या उदाहरणातून प्रस्तुत लेखात तपासल्या आहेत.

नाव आणि निष्कर्ष

घारापुरी हे बेट रायगड जिल्ह्याच्या उरण तालुक्यात, न्हावा-शेवा बंदरासमोर आहे. सहाव्या शतकातील शैव लेण्यांमुळे ते जगप्रसिद्ध असले, तरी बेटाच्या किनाऱ्यावर, विशेषतः मोरा बंदर परिसरात, मोठ्या साठवणीच्या भांड्यांची खापरे सापडली आहेत. या खापरांना दीर्घकाळ ‘रोमन अम्फोरा’ असे सरसकट संबोधले गेले. नेवासे येथील 1954-56 च्या उत्खननात ह. धी. सांकळिया यांना मिळालेल्या अम्फोरांमुळे रोमशी असलेला दख्खनचा संबंध अधोरेखित झाला होता. ‘पेरिप्लस ऑफ द एरिथ्रियन सी’ या पहिल्या शतकातील ग्रीक प्रवासवृत्तात भडोचला येणाऱ्या मद्यांची नोंद आहे. त्यात इटलीच्या मद्याला प्रथम पसंती असून लाओदिकेया आणि अरबस्तान येथील मद्यांचाही उल्लेख आहे. त्याच ग्रंथात सोपारा, कल्याण आणि चौल ही बंदरे येतात. साहित्यिक पुरावा इतका अनुकूल असल्यावर खापरांना रोमन ठरविण्याचा मोह स्वाभाविक होता.

रॉबर्टा टॉम्बर यांनी भारतातील अशा संग्रहांची पुनर्तपासणी करून 2007 व 2008 मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले, तेव्हा या गृहीतकाला धक्का बसला. रोमन म्हणून नोंदलेली अनेक खापरे मेसोपोटेमिया व इराणच्या आखाताच्या परिसरात घडविलेल्या ‘टॉर्पेडो’ कुंभांची निघाली. अम्फोराला दोन कान असतात. टॉर्पेडो कुंभाला कान नसतात, त्याचे बूड निमुळते असते आणि आतून डांबराचा लेप असतो. घारापुरीसह पश्चिम भारतातील अनेक स्थळांवर भूमध्य सागरी अम्फोरांसोबत हे कुंभही आढळतात.

हा फरक केवळ वर्गीकरणाचा नाही. टॉर्पेडो कुंभांचा प्रसार ससानी काळापासून आरंभीच्या इस्लामी काळापर्यंत टिकला. ज्या थराचा काळ ‘रोमन’ खापरामुळे पहिल्या-दुसऱ्या शतकात ढकलला गेला, तो प्रत्यक्षात काही शतके अलीकडचा असू शकतो. तसे झाल्यास सातवाहनकालीन भरभराट आणि त्यानंतरची ओहोटी हे रूढ चित्रही सैल होते. लेणी कोरली जात असतानाच आखाताशी चाललेल्या दळणवळणाचा विचार करावा लागतो. एका चुकीच्या नावामुळे व्यापाराचा भागीदार आणि शतक, दोन्ही बदलतात.

रूलेटेड मृत्पात्रांची कथा याच प्रकारची आहे. 1945 मध्ये अरिकामेडू येथे मॉर्टिमर व्हीलर यांनी त्यांचा संबंध भूमध्य परंपरेशी जोडला. पुढे विमला बेग्ले यांनी त्या मांडणीचा फेरविचार केला आणि डेक्कन कॉलेजचे विश्वास गोगटे यांनी क्ष-किरण विवर्तनाच्या आधारे ही पात्रे गंगेच्या मुखाकडील चंद्रकेतुगढ-तामलुक परिसराशी जोडली. नेमक्या स्थानाविषयी मतभेद राहिले. परंतु ती भारतीय बनावटीची आहेत, हे स्वीकारले गेले. येथे परीक्षा झाली ती मातीची. नक्षी फसवी ठरली.

मातीची परीक्षा आणि दख्खनची अडचण

मातीचा पोत तपासण्याची रीत सुपरिचित आहे. खापराचा पातळ छेद सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला असता मातीतील खनिजे आणि कुंभाराने मिसळलेली वाळू किंवा भुसा ओळखता येतो. रासायनिक पृथक्करणाने अल्प प्रमाणातील मूलद्रव्यांची जुळणी करता येते. तथापि महाराष्ट्रात ही पद्धत वापरताना एक विशेष अडचण येते. इटलीतील कॅम्पेनियाच्या अम्फोरांची ओळख त्यांतील काळ्या ज्वालामुखीय वाळूवरून पटते. दख्खनचा काळा पाषाणही ज्वालामुखीय असून दोन्हींत ऑगाइट हे खनिज असते. केवळ काळे कण पाहून निर्णय देणे त्यामुळे धोक्याचे ठरते. कॅम्पेनियाच्या वाळूतील सॅनिडीन व ल्यूसाइट यांसारख्या सोबतच्या खनिजांचा शोध घ्यावाच लागतो.

दुसरी अडचण अधिक गंभीर आहे. परदेशी भांडे दख्खनच्या मातीपासून वेगळे काढता येते. परंतु चौल, कल्याण आणि जुन्नर यांची भांडी परस्परांपासून वेगळी कशी ओळखावीत? या साऱ्या प्रदेशाचा पाया एकाच बेसॉल्टचा आहे. समुद्रापलीकडचा व्यापार म्हणूनच ठळक दिसतो आणि घाटमाथा व बंदर यांमधील देवघेव अदृश्य राहते. ही दृश्यता प्राचीन वास्तवाची नसून भूगर्भरचनेची आहे. नाणेघाटातून किती माल उतरला, याचे उत्तर खापरांनी दिले नाही, म्हणून तो कमी होता असे मानता येणार नाही.

यावर उपाय म्हणजे उत्पादनाची जागाच शोधणे. इनामगाव येथे 1968 ते 1983 या काळात झालेल्या उत्खननात कुंभाराची भट्टी मिळाल्याने जोर्वे मृत्पात्रांच्या स्थानिक निर्मितीविषयी ठामपणे बोलता आले. आव्यात वाकडी झालेली, एकमेकांना चिकटलेली, फेकून दिलेली भांडी हा निर्मितीचा सर्वांत विश्वसनीय पुरावा असतो, कारण फसलेला माल कोणी दूरवर विकत नाही. ऐतिहासिक काळातील कोकणच्या बंदरांबाबत असा शोध पद्धतशीरपणे घेणे अगत्याचे आहे.

माती, कुंभार आणि माल

माती ओळखली तरी प्रश्न संपत नाही. डीन अर्नोल्ड यांनी जगभरातील कुंभारांच्या नोंदींवरून 1985 मध्ये दाखविले की बहुतेक कुंभार सात किलोमीटरच्या आतूनच माती आणतात. हा नियम उपयुक्त असला तरी नवी मुंबईच्या परिसरातच त्याला अपवाद आढळतो. पेणच्या गणेशमूर्ती गुजरातमधून आलेल्या शाडूच्या मातीच्या असतात, पेणमध्ये घडतात आणि परदेशी जातात. केवळ मातीचे पृथक्करण करणारा भावी संशोधक त्यांना गुजरातच्या मूर्ती ठरवील. धारावीच्या कुंभारवाड्यात परिस्थिती उलट आहे : सौराष्ट्रातून आलेल्या कुंभारांनी आपली कारागिरी सोबत आणली. एका ठिकाणी माती प्रवास करते, दुसऱ्या ठिकाणी माणूस. तयार भांड्याचा प्रवास ही केवळ तिसरी शक्यता आहे आणि तीत भांडे बहुधा वेष्टन असते; खरा माल आतील मद्य, तेल किंवा पाक असतो. रिकामे कुंभ पाणी साठविण्यासाठी पुन्हा वापरले जात असल्यास अंतिम स्थान हे व्यापाराचे स्थान असेलच असेही नाही.

कुंभार हा व्यापाराच्या इतिहासात केवळ पुरवठादार नव्हता. आभीर राजा ईश्वरसेन याच्या काळातील नाशिकच्या लेखात आजारी भिक्षूंच्या औषधासाठीची ठेव ‘कुलरिक’ श्रेणीकडे ठेवल्याची नोंद आहे. या शब्दाचा अर्थ सामान्यतः कुंभार असा घेतला जातो. ठेव सांभाळून व्याज देण्याइतकी पत असलेला हा वर्ग उत्खननाच्या अहवालात मात्र ‘स्थानिक जाडीभरडी भांडी’ या एका ओळीत आटोपतो. पेरिप्लसमधील तगर म्हणजे आजचे धाराशिव जिल्ह्यातील तेर. ते संत गोरा कुंभारांचे गाव म्हणून मराठी मनाला परिचित आहे. तेथील रोमन संबंधांवर जितके लिहिले गेले, त्या मानाने तेथील कुंभारकामावर कमी लिहिले गेले, हे या दृष्टिकोनाचे द्योतक आहे.

मोजणीतही हाच पक्षपात शिरतो. एक मोठा कुंभ फुटून त्याचे शेकडो तुकडे होतात, लहान वाडग्याचे थोडेच. तुकड्यांची संख्या, वजन आणि काठांवरून काढलेली भांड्यांची किमान संख्या ही तिन्ही मापे एकत्र दिल्याखेरीज दोन स्थळांची तुलना होऊ शकत नाही. संजाणच्या मृत्पात्रांवर रुक्शाना नानजी यांनी 2011 मध्ये प्रसिद्ध केलेला अभ्यास येथे अनुकरणीय आहे. आयात व स्थानिक भांड्यांचा एकत्रित विचार केल्यास बंदराचे दैनंदिन जीवन कसे उलगडते, हे त्यातून दिसते.

समारोप

खापर परदेशी असणे हा व्यापाराच्या अभ्यासाचा आरंभबिंदू आहे. आकार, माती, निर्मितिस्थळ, आतील अवशेष आणि स्थानिक भांड्यांशी असलेले प्रमाण या पाच कसोट्यांपैकी एकीवरच विसंबून काढलेला निष्कर्ष तात्पुरता मानला पाहिजे. जुन्या संग्रहांची पुनर्तपासणी नव्या उत्खननाइतकीच फलदायी ठरते, हे टॉम्बर यांच्या कार्याने दाखविले आहे.

नवी मुंबई परिसरात या कामाला निकड आहे. 1970 मध्ये सिडकोची स्थापना झाल्यापासून खाडीकाठच्या दलदली आणि शेतजमिनींवर भराव पडला. विमानतळासाठी उलवे येथील टेकडी सपाट झाली आणि नदीचा प्रवाह वळविण्यात आला. भरावाखाली गेलेल्या मूळ मातीचा नमुना पुन्हा मिळत नाही. पनवेल, उरण आणि पेण तालुक्यांतील कुंभारांच्या मातीचे, नदीकाठच्या गाळाचे आणि खाडीच्या चिखलाचे नमुने स्थाननोंदीसह जतन करणे हे इतिहास, भूगोल, भूगर्भशास्त्र आणि रसायनशास्त्र या विभागांना महाविद्यालयीन पातळीवर एकत्रितपणे करता येण्याजोगे काम आहे. असा संग्रह नसेल, तर घारापुरीचे प्रत्येक खापर परक्या मातीशीच ताडून पाहावे लागेल आणि बंदराची स्वतःची भांडी अनामिकच राहतील.