घोस्टचा पेनड्राइव्ह: चालतो, पण भरवसा किती ठेवायचा?

पालघरहून डहाणू लोकल पकडली की उमरोळीनंतर बोईसर. तिथे तारापूर एमआयडीसीतल्या एका लॅबमध्ये माझ्या पीएच.डी.चे नमुने तपासले जातात. गॅस क्रोमॅटोग्राफ धडधाकट आहे, पण त्याला जोडलेला पीसी विंडोज एक्सपीचा. मध्यंतरी त्याची हार्ड डिस्क कटकट करायला लागली. सॉफ्टवेअरची सीडी सापडेना. डिस्क गेली की यंत्र मुकं, आणि माझे दोन वर्षांचे आलेखही गेले. डिस्कची अख्खी इमेज काढायचं ठरलं, तेव्हा सगळ्यांनी एकच नाव घेतलं: नॉर्टन घोस्ट.

घोस्ट मूळचं न्यूझीलंडचं. सिमॅन्टेकने ते १९९८ मध्ये घेतलं आणि २०१३ मध्ये बंद केलं. डॉसवर चालणारी ही प्रत पूर्वी फ्लॉपीवरून सुरू व्हायची. आता पेनड्राइव्ह लागतो: रूफसमध्ये फ्रीडॉस, एमबीआर, फॅट३२ निवडा (पेनड्राइव्ह पूर्ण पुसला जातो, लक्षात ठेवा), मग घोस्टची फाइल त्यात टाका. फक्त यूईएफआय असलेल्या नव्या लॅपटॉपवर हा चालणार नाही. जुन्या बायोसवर मस्त चालतो.

घोस्टचं कौतुक करायलाच हवं. ते फक्त भरलेला भाग उचलतं, आणि फॅट३२ची ४ जीबीची मर्यादा अडू नये म्हणून इमेजचे तुकडेही करतं.

पण तीन गोष्टी खटकतात. एक, डिस्क नुसत्या क्रमांकाने आणि आकाराने दिसतात, आणि बऱ्याचदा पेनड्राइव्हच पहिला क्रमांक पटकावतो. ‘टू इमेज’ऐवजी ‘फ्रॉम इमेज’ दाबलं, की संपलं. दोन, फाइलचा साचा बंदिस्त, आणि बनवणाऱ्यांनीच हात वर केलेले. तीन, आणि हीच मोठी: खराब सेक्टर आला की घोस्ट अडतं. ‘-एफआरओ’ लावून पुढे रेटता येतं, पण हाती येते ती भोकं पडलेली इमेज. याउलट डीडीरेस्क्यू आधी चांगला भाग वाचून घेतं, मग खराब जागांकडे वळतं, आणि काय वाचता आलं नाही याचा नकाशा ठेवतं. संशोधकाला काय उरलं याइतकंच काय हरवलं हेही कळायला हवं ना!

म्हणून माझं मत: जुन्या घोस्ट इमेज उघडायला हा पेनड्राइव्ह जरूर ठेवा. मरणाऱ्या डिस्कला मात्र तो लावू नका.

आम्ही डिस्क काढून लिनक्सच्या पीसीला जोडली, डीडीरेस्क्यूने इमेज काढली, दुसऱ्या डिस्कवर उतरवली. एक्सपी सुरू झालं, यंत्र बोलायला लागलं. तोवर तिला मी बॅकअप म्हटलं नव्हतं. तुम्हीही म्हणू नका.