वुडी स्ट्रोड : देह आणि वाणी

खेळाडू चित्रपटात आला म्हणजे आंगिक तेवढे त्याचे आणि वाचिक इतरांचे, अशी वाटणी बहुधा आधीच झालेली असते. वुडी स्ट्रोड (१९१४–१९९४) या कृष्णवर्णीय अमेरिकन नटाच्या वाट्यालाही ती आली. विद्यापीठात दशस्पर्धा व फुटबॉल गाजवून तो १९४६ साली लॉस एंजेलिस रॅम्स या व्यावसायिक संघात दाखल झाला; केनी वॉशिंग्टन व तो यांच्या प्रवेशाने त्या क्रीडासंघटनेतील वर्णबंदी मोडली. पुढे काही काळ त्याने व्यावसायिक कुस्तीही केली. पडद्यावर मात्र योद्धा किंवा गुलाम यांपलीकडे त्याला फारसे काही मिळाले नाही.

स्ट्रोडच्या मौनाची स्तुती करण्याचा प्रघात आहे. ती स्तुती पारखून घेतली पाहिजे. सर्जिओ लिओनेच्या ‘वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट’ (१९६८) मध्ये स्थानकावर वाट पाहताना त्याच्या तुळतुळीत डोक्यावर थेंब पडत राहतात. तो टोपी घालतो, आणि तिच्या काठात साठलेले पाणी शेवटी पिऊन टाकतो. प्रसंग चित्तवेधक आहे खरा; पण हे मौन कोणाचे, याचा पत्ता लागण्यापूर्वीच तो माणूस मारला जातो.

‘स्पार्टाकस’ (१९६०) मधील द्राबाचे तसे नाही. स्पार्टाकस त्याला नाव विचारतो. द्राबा सांगत नाही. न जाणो, उद्या एकमेकांनाच मारावे लागेल. पुढे रिंगणात त्रिशूळ स्पार्टाकसच्या गळ्याशी टेकवूनही तो थांबतो आणि शस्त्र रोमन प्रेक्षकांच्या दिशेने फेकतो. पहिला नकार ज्याने ऐकला, त्यालाच हा दुसरा नकार पुरता कळतो. येथे आंगिकाला अर्थ आला आहे तो वाचिकामुळे.

त्याच वर्षी जॉन फोर्डने ‘सार्जंट रटलेज’मध्ये त्याला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे करून बोलते केले. चित्रपटाचे नाव त्याच्या भूमिकेचे, श्रेयनामावलीत अग्रस्थान मात्र जेफ्री हंटरचे!

त्याच्या वाचिकाची खरी कसोटी लागली ती फोर्डच्याच ‘द मॅन हू शॉट लिबर्टी व्हॅलन्स’ (१९६२) मध्ये. तेथील पॉम्पी हा नोकर वर्गात अमेरिकेचा स्वातंत्र्याचा जाहीरनामा म्हणू लागतो आणि सर्व माणसे समान आहेत या वचनाशीच अडखळतो. पुष्कळांना नेमके तेवढेच आठवत नाही, असे शिक्षक त्याला समजावतो. हे अडखळणे विनोदाकडे झुकविणे सोपे होते, आणि पूर्वीच्या चित्रपटांनी कृष्णवर्णीय नटाकडून तेच करवून घेतले असते. स्ट्रोड ते विद्यार्थ्याच्या गांभीर्याने करतो; म्हणून हसू येत नाही. थोड्याच वेळात धनी डॉनिफन वर्गात येतो आणि पॉम्पीला कामावर पिटाळतो.