‘फँड्री’ व ‘सैराट’मधील किशोरवय आणि शिक्षणसंस्था : एक चिकित्सा

सोलापूर जिल्ह्यातील जेऊर (ता. करमाळा) येथील नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’ (२०१३) व ‘सैराट’ (२०१६) या चित्रपटांची चर्चा प्रामुख्याने जातवास्तव आणि प्रेम या अंगांनी झाली. किशोरांच्या मनात आकांक्षा जागवणारी शिक्षणसंस्था त्यांच्या पाठीशी उभी राहते का, हा प्रश्न प्रस्तुत लेखात विचारात घेतला आहे.

‘फँड्री’तील कैकाडी समाजाचा जब्या वर्गातील शालूवर मनोमन प्रेम करतो. नीटनेटके दिसण्याची त्याची ओढ केवळ हौस नसून जन्माने चिकटलेली ओळख पुसण्याचा तो प्रयत्न आहे. परंतु त्याला कुटुंबासोबत डुक्कर पकडावे लागते आणि शालूसह वर्गमित्र ते पाहतात. मेलेले डुक्कर वाहून नेताना मागे शाळेच्या भिंतीवर डॉ. बाबासाहेब आंबेडकर, सावित्रीबाई फुले आदींची चित्रे दिसतात. शाळेने स्वीकारलेला विचार आणि जब्याच्या वाट्याला आलेला अनुभव यांतील अंतर हे दृश्य भाष्याविना दाखवते.

‘सैराट’मधील आर्ची व परश्या महाविद्यालयीन विद्यार्थी आहेत. बुलेट व ट्रॅक्टर चालवणारी आर्ची ग्रामीण तरुणीच्या रूढ प्रतिमेला छेद देते. तिचा भाऊ प्रिन्स मात्र भर वर्गात प्रा. लोखंडे यांच्या श्रीमुखात भडकावतो. घराण्याच्या सत्तेतून आलेला हा उद्दामपणा तरुणाईचेच दुसरे रूप होय. महाविद्यालय त्यास ठाम उत्तर देत नाही. जेथे प्राध्यापकच असुरक्षित, तेथे विद्यार्थ्यांनी कोणाचा आधार शोधावा? आर्ची-परश्या हैदराबादला संसार मांडतात. अखेर त्यांची हत्या होते आणि मारेकऱ्यांत प्रिन्सही असतो.

एक मर्यादा मात्र नोंदवावी लागते. लोखंडे यांची व्यक्तिरेखा पुढे पुरेशी विकसित होत नाही. परिणामी शिक्षकाचा अंतःसंघर्ष अस्पर्शित राहतो.

सज्ञान व्यक्तींच्या विवाहात जातपंचायतीसारख्या समूहांनी केलेला हस्तक्षेप सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये बेकायदेशीर ठरवला व अशा जोडप्यांना संरक्षण देण्याचे निर्देश दिले. वैरागसारख्या गावातील विद्यार्थ्यांना ‘झिंगाट’ तोंडपाठ असते. हा निकाल त्यांच्यापर्यंत पोहोचवणे हे प्राध्यापकांचे कर्तव्य आहे. ‘सैराट’ वर्गात शिकवायचा असेल, तर त्या थप्पडेपासून सुरुवात करणे अधिक प्रामाणिक ठरेल.