एका दिवसाची अग्नियात्रा

समीक्षेचा विषय होण्यासाठीं एखाद्या कृतीनें पुस्तकाचेंच रूप घेतलें पाहिजे, असा निर्बंध कोणी घातलेला नाहीं. नाटकाचा प्रयोग, कीर्तन, गाण्याची बैठक, देवळाचें शिल्प ह्या सर्वांची चिकित्सा मराठी मासिकांतून होत आलेली आहे. त्याच न्यायानें आज एका निराळ्या कृतीचा विचार येथें करावयाचा आहे. ती कृति म्हणजे आइसलंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील एका दिवसाची सहल. ही सहल चालविणारे पुष्कळ आहेत. तिचें स्वरूप मात्र जवळजवळ ठरून गेलेलें आहे. सकाळीं रेक्याविक शहरांतून पंधरावीस माणसांची छोटी बस निघते. दोन धबधबे, एक हिमनदी, काळ्या वाळूचा समुद्रकिनारा आणि वीक हें गांव अशीं स्थळें घेत, जातांयेतां मिळून सुमारें पावणेचारशें किलोमीटरांचा रस्ता कापून, दहाएक तासांनीं ती परत येते. तिला आरंभ आहे, मध्य आहे, उत्कर्ष आहे, निवेदक आहे. आणि मुख्य म्हणजे तिच्यांत निवड आहे. जेथें निवड आली तेथें रुचि आली, आणि जेथें रुचीचा प्रश्न आला तेथें टीकाकाराला बोलण्याचा अधिकार पोंचतो.

विषय परदेशाचा असला तरी मराठी वाचकाला तो अगदींच परका नाहीं. तिकडे जाऊन येणारीं मराठी कुटुंबें आतां दुर्मिळ राहिलेलीं नाहींत, आणि परत आल्यावर प्रवासवर्णन लिहिण्याची आपली हौस तर जुनीच आहे. शिवाय ज्या काळ्या कातळावर आपण घरें बांधून राहतों तोही एके काळीं वाहता अग्निरसच होता. ह्या मुद्द्याकडे शेवटीं वळूं.

प्रथम सहलीचे गुण सांगणें न्यायाचें होईल. ज्याला चार दिवसांचीच रजा आहे, बर्फाळ रस्त्यावर गाडी हांकण्याचा सराव नाहीं, आणि परक्या देशांत महिनाभर राहण्याइतका पैसा गांठीं नाहीं, त्याला हे देखावे दुसऱ्या कोणत्याही रीतीनें दिसते ना. पन्नास माणसांच्या मोठ्या गाडीपेक्षां ही लहान मंडळी पुष्कळच बरी. वाटाड्याचा आवाज शेवटच्या बांकापर्यंत पोंचतो, विचारलेल्या प्रश्नाला उत्तर मिळतें, आणि एखाद्या आजीबाईंना पायऱ्या चढण्यास उशीर झाला तरी कोणी कुरकुरत नाहीं. स्थळांची निवडही डोळस आहे. सेल्यालांड्सफॉस हा पहिला धबधबा सुमारें साठ मीटर उंचीवरून पडतो. त्याच्या मागें कड्याला खोल कपार असल्यामुळें, वाट निसरडी नसेल तेव्हां, पाण्याच्या पडद्याआडून चालत जातां येतें. पुढचा स्कोगाफॉस उंचीनें तितकाच, परंतु पंचवीस मीटर रुंद आणि एकसंध. एकापाठोपाठ दोन धबधबे दाखविणें ही वरवर पाहतां पुनरुक्ति वाटते. पण पहिल्याला प्रवासी आंतून पाहतो आणि दुसऱ्याला समोरून, त्यामुळें ही जोडी साधली आहे. हे दोन्ही ज्या कड्यावरून कोसळतात तो कडा पूर्वीं समुद्राचा किनारा होता, आणि समुद्र आतां कित्येक किलोमीटर दक्षिणेकडे हटला आहे, हें वाटाड्यानें सांगितलें कीं डोळ्यांपुढची सपाट हिरवळ क्षणभर लाटांनीं भरून जाते. इतकें ज्या सहलीला साधतें तिला केवळ बाजारू म्हणून झिडकारणें योग्य होणार नाहीं.

दोष आहे तो जोडणींत. अग्नि आणि पाणी ह्या दोन वस्तु जाहिरातींत दोन वेगळ्या मालांसारख्या मांडलेल्या असतात: इतके धबधबे, इतके ज्वालामुखी. वास्तविक ह्या भूमीचें सारें रहस्य ह्या दोहोंच्या संबंधांत आहे. ज्या एयाफ्यात्लायोकुत्लच्या बर्फांतून सेल्यालांड्सफॉसला पाणी मिळतें, तें बर्फ एका जागृत ज्वालामुखीच्या माथ्यावर बसलेलें आहे. २०१० सालच्या मार्चमध्यें त्याच्या शेजारच्या खिंडींत, बर्फ नसलेल्या जागीं, स्फोट झाला तेव्हां लाव्हा शांतपणें वाहिला आणि लोक तो पाहण्यास गेले. १४ एप्रिल रोजीं मात्र तोच अग्नि शिखरावरच्या बर्फाखालीं फुटला. वितळलेलें पाणी आणि तप्त रस एकत्र आले, रसाच्या ठिकऱ्या होऊन त्याची बारीक राख झाली, आणि त्या राखेनें युरोपांतील विमानांची वाहतूक जवळजवळ आठवडाभर ठप्प केली. खालीं नदीला पूर आला. मार्कारफ्ल्योत नदीवरचा पूल वांचावा म्हणून तेथील लोकांनीं आपणच हमरस्ता ठिकठिकाणीं खोदून पाण्याला वाट करून दिली. म्हणजे धबधबा आणि उद्रेक हीं एकाच बर्फाचीं दोन चरित्रें आहेत. ही गोष्ट सहलींत कळावी तशी कळत नाहीं. २०१० चा उद्रेक बहुधा एका विनोदापुरता उरतो: पर्वताचें नांव कोणाला उच्चारतां येत नाहीं, आणि त्यानें किती विमानें अडविलीं! ज्या शेतांवर भर दिवसां अंधार पडला त्यांच्याजवळूनच बस जात असते.

ह्या विनोदाच्या जोडीला दंतकथा येतात. स्कोगाफॉसच्या मागें थ्रासी नांवाच्या जुन्या वसाहतकारानें सोन्याची पेटी लपविली; समुद्रांतले ते सुळके म्हणजे पहाट होतांच दगड बनलेले राक्षस. कथा गोड आहेत, परंतु त्या ऐकणाऱ्याकडून कांहींच मागत नाहींत. आणि ज्या कथेसाठीं ही सारी वाट खरोखर प्रसिद्ध असावी ती कथा, मार्कारफ्ल्योतचा पूल बस क्षणार्धांत ओलांडते तेवढ्यांत, मागें राहून जाते.

ती कथा तेराव्या शतकांतील 'न्याल सागा' ह्या ग्रंथांतली आहे. गुन्नार हा वीर खुनाच्या बदल्यांत तीन वर्षांसाठीं हद्दपार झालेला आहे. भाऊ बरोबर आहे, जहाज तयार आहे. देश न सोडल्यास शत्रूंना त्याला मारण्याची कायद्यानें मोकळीक आहे. नदीकांठीं घोडा अडखळतो, गुन्नार खालीं उडी घेतो, आणि त्याची नजर सहज मागें आपल्या घराच्या उतारावर जाते. पिकलेलें शेत, कापलेलें गवत. उतार इतका सुंदर पूर्वीं कधीं दिसला नव्हता, असें तो म्हणतो आणि घरीं परततो. भाऊ पुढें जातो. गुन्नार पुढें आपल्याच घरांत मारला जातो. सागांचे कर्ते निसर्गवर्णनाच्या बाबतींत अतिशय कृपण असतात. त्यांनीं येथें दोन ओळी खर्च केल्या, आणि त्या दोन ओळींची किंमत एका माणसाचा प्राण आहे. योनास हाल्ग्रीम्सोन हा कवि निसर्गशास्त्राचाही अभ्यासक होता. त्यानें ह्याच प्रसंगावर 'गुन्नार्सहोल्मी' ही कविता लिहिली. ती १८३८ साली प्रसिद्ध झाली. आजूबाजूचा प्रदेश नदीनें व वाळूनें उद्ध्वस्त केला असतां गुन्नार जेथून परतला तेवढें बेट हिरवें राहिलें, अशी त्याची कल्पना आहे. भूगोल आणि निष्ठा ह्यांची अशी सांगड सहलीच्या निवेदनांत घालणें अशक्य नाहीं. गुन्नारनें जें पाहिलें तें राहण्याची जागा म्हणून पाहिलें. सहल शिकविते तें चित्र म्हणून पाहणें. माझ्या मतें सर्व दोषांचें मूळ ह्या फरकांत आहे.

हा फरक केवळ साहित्यरसिकांच्या चर्चेचा आहे असें कोणी समजूं नये. रेनिस्फ्यारा हा काळ्या वाळूचा किनारा सहलीचा उत्कर्षबिंदु. मागें रचून ठेवल्यासारखे बसाल्टचे षट्कोनी खांब, पुढें उघडा अटलांटिक महासागर. दहा लाटा निमूटपणें परत जातात आणि अकरावी एकाएकीं पुष्कळ वर चढून माणसाला ओढून नेते. तेथें धोक्याच्या पाट्या लावलेल्या आहेत, दिव्यांची खूण केलेली आहे, वाटाडे बसमध्यें बजावून सांगतात. तरीही गेल्या कांहीं वर्षांत तेथें अनेक प्रवासी प्राणांस मुकले आहेत. समुद्राकडे पाठ करून छायाचित्रासाठीं उभा राहणारा माणूस मूर्ख असतोच असें नाहीं. सकाळपासून प्रत्येक थांब्यावर त्याला चौकटीबाहेरून पाहण्याचीच संवय लावलेली असते. येथें आपण चौकटीच्या आंत उभे आहोंत, हें त्याच्या ध्यानांत येत नाहीं. चुकीच्या रसिकतेचा दंड इतका प्रत्यक्ष क्वचितच भरावा लागतो.

वीक येथील चर्चचेंही तेंच. टेकडीवरचें तें लहानसें पांढरें देऊळ तांबड्या छपरामुळें सर्वांच्या छायाचित्रांत येतें. गांवकऱ्यांना त्याचा अर्थ निराळा आहे. जवळच्या मिर्दाल्सयोकुत्लच्या बर्फाखालीं कात्ला हा मोठा ज्वालामुखी आहे. १९१८ साली तो जोरानें फुटला तेव्हां वितळलेल्या बर्फाचा असा लोंढा आला कीं त्यानें आणलेल्या गाळानें किनाऱ्याची रेषाच पुढें सरकली. पुन्हां तसें झालें तर कोठें धांवावयाचें, तर उंचावरच्या ह्या देवळाकडे, हें तेथील लोकांनीं ठरवून ठेवलेलें आहे आणि त्याचा सरावही ते करतात. एवढें एक वाक्य वाटाड्यानें सांगितलें तर त्या छायाचित्राचा अर्थ बदलेल. दहा तासांत एका वाक्यास जागा नाहीं असें कोण म्हणेल?

येथें एका ग्रंथकाराची आठवण करणें प्राप्त आहे. वीकच्या पूर्वेस, जेथें एका दिवसाची ही सहल बहुधा पोंचत नाहीं तेथें, योन स्टेइनग्रीम्सोन हे धर्मोपदेशक होते. ८ जून १७८३ रोजीं लाकीच्या भेगा फुटल्या आणि आठ महिने अग्निरस वाहत राहिला. त्यानंतरच्या दुष्काळांत देशाची सुमारें पंचमांश वस्ती नाहींशी झाली. २० जुलै रोजीं लाव्हा गांवाकडे सरकत असतां ह्या उपदेशकानें चर्चमध्यें प्रार्थना चालविली. लाव्हा अलीकडेच थांबला, आणि लोकांनीं त्यांना 'अग्नीचे पुरोहित' म्हटलें. पण त्यांची खरी थोरवी त्यांनीं मागें ठेवलेल्या वृत्तांतांत आहे. राख कशी पडली, गवताचें काय झालें, तें खाणाऱ्या जनावरांच्या सांध्यांवर गांठी कशा आल्या, हें त्यांनीं शेतकऱ्याच्या नजरेनें टिपलें आहे. त्यांत उद्गारचिन्हांची गर्दी नाहीं, कारण लिहिणारा संध्याकाळीं परत जाणार नव्हता.

आपल्याकडे विष्णुभट गोडसे ह्यांचा 'माझा प्रवास' हा ग्रंथ ह्याच जातीचा. ते उत्तरेकडे निघाले ते दक्षिणा मिळविण्यासाठीं. कांहीं 'पाहावें' असा त्यांचा हेतुच नव्हता. १८५७ च्या धामधुमींत ते सांपडले आणि झांशीच्या वेढ्यांत अडकले, म्हणून १९०७ साली छापलेला तो वृत्तांत आजही ताजा वाटतो. काका कालेलकरांनीं नद्यांवर जें लिहिलें त्यांत संकट नाहीं, परंतु नातें आहे. त्यांच्या ग्रंथाचें 'लोकमाता' हें नांवच तें सांगतें. संकट किंवा नातें, ह्यांतलें एक तरी असल्याशिवाय प्रवासवर्णनाला कणा येत नाहीं. आजच्या पुष्कळ मराठी प्रवासलेखांत दोन्ही नसतात. तेथें डोळ्यांचें पारणें फिटतें, निसर्ग मुक्त हस्तानें उधळण करतो, शब्द अपुरे पडतात. आणि धबधबा आइसलंडचा होता कीं अन्य कोठला, हें परिच्छेद वाचून ओळखतां येत नाहीं. सहलीनें जसे थांबे दिले तसेच लेखकानें परिच्छेद पाडलेले असतात. सहल ही अशा लेखनाची आद्य प्रत आहे, म्हणून तिची समीक्षा करणें अगत्याचें वाटलें.

मराठी प्रवाशाला तर नातें शोधण्यास दूर जावें लागत नाहीं. सुमारें साडेसहा कोटी वर्षांपूर्वीं दख्खनवर थरावर थर लाव्हा पसरला. आजही तो पांच लाख चौरस किलोमीटर प्रदेश व्यापून आहे. सह्याद्रीचे पायऱ्यापायऱ्यांचे कडे म्हणजे ते थर. शास्त्रज्ञ त्यांना 'ट्रॅप' म्हणतात तो शब्दही पायरी ह्या अर्थाच्या स्वीडिश शब्दावरून आलेला आहे. वेरूळचें कैलास लेणें ह्याच खडकांत कोरलें. रेनिस्फ्यारासारखे खांब मुंबईच्या अंधेरी भागांत गिल्बर्ट हिल ह्या टेकडीवर उभे आहेत, आणि इमारतींच्या गर्दींत त्यांच्याकडे फारसें कोणी मान वर करून पाहत नाहीं. आइसलंडमध्यें जो अग्नि अद्याप बोलतो तो येथें बोलून थांबला आहे, एवढाच भेद. पावसाळ्यांत कोकणकड्यावरून पडणारें पाणी त्या थांबलेल्या अग्नीवरूनच पडत असतें.

२०१० साली आइसलंडला सुमारें पांच लाख परदेशी प्रवासी गेले. २०१८ साली ती संख्या तेवीस लाखांवर गेली. चार लाखांहूनही कमी वस्तीच्या देशानें एवढ्या पाहुण्यांना सहलींच्या साच्यांतून फिरवावें ह्यांत आश्चर्य नाहीं, आणि तो साचा एकाएकीं मोडेल अशी अपेक्षाही नाहीं. तथापि दोन सुधारणा अशक्य नाहींत. चालकांनीं एखादा थांबा कमी करून मार्कारफ्ल्योतच्या कांठीं पंधरा मिनिटें गाडी उभी करावी आणि गुन्नारनें पाहिलेला तो उतार दाखवावा. प्रवाशानें निघण्यापूर्वीं आठवडाभर संध्याकाळीं घरांत 'न्याल सागा'चें एखादें भाषांतर मोठ्यानें वाचावें. मुलेंही तें आवडीनें ऐकतील. एवढ्या तयारीनें गेलेल्या कुटुंबाला तीच दहा तासांची सहल पुरेल. आणि परत आल्यावर आपल्या घाटांतून गाडी चढतांना बाहेरच्या काळ्या कड्याकडे पाहून कोणी मूल प्रश्न विचारील, त्याला उत्तर देण्याची आईबापांची तयारी झालेली असेल.